कागद नाही म्हणतो मी

रविवारी सकाळी साडेआठला आमचा मोडी लिपीचा वर्ग भरतो. पंधरा-वीस जण असतो. दोन वकील, निवृत्तीनंतर हे शिकायचेच असे ठरवून आलेले बँकेतले एक गृहस्थ, इतिहासात एम. ए. करणारी एक मुलगी, वडिलोपार्जित जमिनीच्या कज्जात अडकलेले मुळशीकडचे एक शेतकरी, आणि मी. तिसऱ्या की चौथ्या रविवारी मागच्या बाकावरच्या काकूंनी विचारले, "सर, ते ‘ध’ चा ‘मा’ कसं केलं ते एकदा लिहून दाखवा ना."

सगळेच सावरून बसले. सरांनी फळ्यावर आधी या टोकापासून त्या टोकापर्यंत रेघ ओढली. मोडीत रेघ आधी येते आणि अक्षरे मग तिला लटकतात. त्या रेघेखाली त्यांनी हात न उचलता ‘नारायणरावास धरावे’ लिहिले आणि त्याच्याखाली दुसऱ्या रेघेला ‘नारायणरावास मारावे’. आम्ही दोन्ही ओळी वहीत उतरवून घेतल्या. मग सर खडू ठेवून म्हणाले, "आता हे मी लिहिलं. ते अस्सल पत्र मात्र आजवर कोणी दाखवलेलं नाही."

बँकेतले गृहस्थ थोडे दुखावले. "म्हणजे लहानपणापासून ऐकलं ते सगळं खोटं?"

"खोटं म्हणत नाही मी," सर म्हणाले. "कागद नाही म्हणतो."

३० ऑगस्ट १७७३ ला शनिवारवाड्यात नारायणराव पेशव्यांचा खून झाला, हे पक्के आहे. गारद्यांनी केला, हेही पक्के. रामशास्त्री प्रभुण्यांनी चौकशी केली आणि राघोबादादांचा हात त्यात होता, हेही आपण जाणतो. पण आनंदीबाईंनी एका अक्षरात फेरफार केला ही गोष्ट आपल्यापर्यंत आली ती तोंडोतोंडी, आणि अशी आली की भाषेतच मुरली. आज कार्यालयात कोणी निरोप फिरवून सांगितला तरी आपण म्हणतो, त्याने ‘ध’ चा ‘मा’ केला. दर वेळी, नकळत, अडीचशे वर्षांपूर्वीच्या एका बाईवर आपण तोच आरोप पुन्हा ठेवत असतो. तिच्याविरुद्धचा पुरावा मागावा असे कोणाला वाटत नाही, कारण म्हण हाच पुरावा होऊन बसला आहे.

समाजाची आठवण अशीच बनते आणि तिला मी नावे ठेवत नाही. ‘पानिपत झाले’, ‘विश्वास तर पानिपतात गेला’ हे बोलताना १७६१ चे दुःख आपण अजून तोंडात बाळगतो, ही मोठीच गोष्ट आहे. पण आठवण आणि इतिहास या दोन गोष्टींत फरक राखणारा कोणीतरी समाजात लागतो. ‘खोटं म्हणत नाही, कागद नाही म्हणतो’ इतके शांतपणे सांगणारा, आणि ते ऐकल्यावर त्याच्या अंगावर धावून न जाता ‘मग कुठले कागद आहेत?’ असे विचारणारे लोक. महाराष्ट्रात अशी माणसे होती आणि असे लोकही होते. ते नाते आपण गेल्या काही दशकांत हातचे घालवत चाललो आहोत. ते परत मिळवायचे असेल, तर इतिहासाबद्दल भावना दुखावून घेण्याच्या आधी कागद वाचण्याची मेहनत समाजाने अंगावर घ्यावी, असे माझे म्हणणे आहे.

इतिहास संशोधक विश्वनाथ काशिनाथ राजवाड्यांकडे मी पुन्हा पुन्हा जातो ते यासाठी. १८६३ चा जन्म, तरुणपणीच पत्नी गेली, पुन्हा लग्न केले नाही, हाताने स्वयंपाक करून जेवणारा, तापट, कोणाशी फार काळ न पटणारा हा माणूस. त्यांनी ‘मराठ्यांच्या इतिहासाची साधने’ या नावाने बावीस खंड काढले. पहिला १८९८ मध्ये, १७५० ते १७६१ या काळातल्या पत्रांचा. तोवर मराठ्यांचा इतिहास म्हटला की ग्रँट डफ. हा साताऱ्याचा इंग्रज रेसिडेंट. त्याचा तीन भागांचा इंग्रजी ग्रंथ १८२६ साली लंडनला छापला गेला आणि पुढची सत्तर वर्षे आपण आपले पूर्वज त्याच्या डोळ्यांनी पाहिले. त्याच्या चुका काढण्याची सुरुवात नीळकंठ जनार्दन कीर्तन्यांनी १८६०च्या दशकात केली, तेव्हा ते कॉलेजात शिकत होते. पण नुसत्या चुका काढून भागत नाही, बदल्यात पुरावा द्यावा लागतो. तो पुरावा होता कुठे?

पेशव्यांचे दफ्तर १८१८ नंतर इंग्रजांच्या ताब्यात गेले. ते पुण्यातच होते, पण आपल्या अभ्यासकांना त्याचे दार सहजी उघडत नसे. उरलेले कागद होते लोकांच्या घरात. माळ्यावर, कणगीच्या मागे, देव्हाऱ्याच्या खणात, रुमालात बांधून ठेवलेले. मोडीच्या दुनियेत रुमाल म्हणजे कागदांचे गाठोडे बांधायचे चौकोनी कापड. आणि ते रुमाल सोडून दाखवायला कोणी तयार नसे. त्याचे कारण नीट समजून घेतले पाहिजे. १८५२ च्या कायद्याने इनाम कमिशनला बळ मिळाले, घरोघरच्या सनदा तपासल्या गेल्या, आणि अनेकांची इनामे खालसा झाली. कागद दाखवला की जमीन जाते, ही धास्ती घराघरांत बसली होती. त्यात दारात उभा राहिलेला हा कोण कुठला उपरा, जुने दफ्तर आहे का विचारणारा.

राजवाडे तरी गेले. गावोगाव, बरेचदा पायी. कधी नकार मिळाला, कधी पुढच्या वर्षी या म्हणून बोळवण झाली, कधी पोहोचेपर्यंत कागद वाण्याकडे पुड्या बांधायला गेलेले असत किंवा वाळवीने खाल्लेले असत. ते पुन्हा जात. सरकारी नेमणूक नाही, विद्यापीठाचा शिक्का नाही. लोकांनी त्यांच्यापुढे रुमाल सोडला तो हा माणूस कागद पळवणार नाही, वाचून छापेल, असा विश्वास बसला म्हणून. लोकांमध्ये जाऊन इतिहास सांगणे असे आज म्हणतात. राजवाड्यांनी त्याच्या आधीची पायरी चढली, ते लोकांमध्ये जाऊन इतिहास मागत होते.

इंग्रजी उत्तम येत असताना त्यांनी हट्टाने मराठीत लिहिले. केंब्रिजच्या पंडिताने वाचावे म्हणून त्यांनी प्रस्तावना लिहिल्या नाहीत. ज्यांच्या माळ्यावरून कागद आला, त्यांना तो कागद काय सांगतो हे कळावे म्हणून लिहिल्या. १९१० मध्ये पुण्यात भारत इतिहास संशोधक मंडळ निघाले, त्याच्या मुळाशी राजवाडे आणि खंडेराव मेहेंदळे. तिथे लोक कागद आणून वाचून दाखवत, दुसरे उठून त्यातली चूक काढत. राजवाड्यांचे पुढे त्या मंडळाशीही बिनसले आणि ते धुळ्याकडे गेले. ३१ डिसेंबर १९२६ ला तिथेच त्यांनी देह ठेवला. मागे राहिल्या त्या कागदांच्या पेट्या.

या उद्योगाने महाराष्ट्राच्या आठवणीत काय बदलले, याचे सगळ्यांच्या परिचयाचे उदाहरण शिवजयंतीचे. शिवाजी महाराजांचा जन्म शके १५४९ च्या वैशाखात, म्हणजे १६२७ मध्ये झाला असे बखरींवरून धरले जात होते. भोरजवळच्या कारी गावच्या जेधे देशमुखांच्या घरात एक शकावली होती. शकावली म्हणजे शकवार टिपलेल्या घटना, एकेक ओळ, बिनअलंकाराची. तीत शके १५५१ फाल्गुन वद्य तृतीयेला शिवाजी राजे शिवनेरीस उपजले असे लिहिलेले निघाले. लोकमान्य टिळकांनी ती मिळवली आणि १९१६ मध्ये ती प्रसिद्ध झाली. मग कवींद्र परमानंदाचे संस्कृत ‘शिवभारत’ १९२७ मध्ये छापले गेले, त्यातही तीच तिथी. सत्तर-ऐंशी वर्षे वाद चालला, १९६६ साली सरकारने जाणकारांची समितीही नेमली, आणि शेवटी २००१ च्या सुमारास १९ फेब्रुवारी १६३० ही तारीख राज्याने अधिकृतपणे स्वीकारली. ‘उपजले’ या एका क्रियापदासाठी मला ती ओळ प्रिय आहे. एका देशमुखाच्या घरातल्या लेखकाने, पुढे कोण वाचील याची फिकीर न करता, जसे पोर उपजते तसे ते लिहून ठेवले.

तिथीने करावी की तारखेने, यावर अजून भांडण होते, ते होवो. पण तीन वर्षांचा तो फरक कोणाच्या सभेत हात वर करून ठरला नाही, हे विसरू नये.

याहून अवघड उदाहरण संभाजी महाराजांचे आहे. आजच्या विशीतल्या मुलाला सांगितले तर पटणार नाही, पण फार वर्षे मराठी माणसाच्या डोक्यात संभाजीराजे म्हणजे व्यसनी, उतावळा, बापाचे राज्य घालवणारा मुलगा असेच चित्र होते. नाटकांनी ते रंगवले, शाळेतल्या पुस्तकांनी पक्के केले. ते आले कुठून? बरेचसे मल्हार रामराव चिटणिसांच्या बखरीतून. ही बखर एकोणिसाव्या शतकाच्या सुरुवातीची, म्हणजे १६८९ मध्ये संभाजीराजांची हत्या झाल्यावर शंभराहून अधिक वर्षांनी लिहिलेली. आणि चिटणिसांचे पूर्वज बाळाजी आवजी यांना संभाजीराजांनीच १६८१ मध्ये देहदंड दिला होता. बखरकाराने मुद्दाम सूड घेतला असे मी म्हणणार नाही. माणसाच्या मनात शिरून पाहता येत नाही. पण ज्या घराला ही जखम होती त्याच घरातून आलेली ही साक्ष आहे, हे वाचताना डोळ्यांपुढे ठेवायलाच हवे होते, आणि पिढ्यानपिढ्या ते कोणी ठेवले नाही.

वासुदेव सीताराम बेंद्र्यांनी ठेवले. त्यांनी आयुष्यातली जवळजवळ चाळीस वर्षे या एका माणसामागे घातली. मराठी, फारसी, इंग्रजी, पोर्तुगीज साधने पालथी घातली, इंग्लंडला जाऊन तिथली दफ्तरे पाहिली, आणि १९६० साली संभाजी महाराजांचे चरित्र काढले. मोगल, सिद्दी, पोर्तुगीज असे चहूकडून शत्रू असताना नऊ वर्षे राज्य राखणारा लढवय्या राजा त्यातून उभा राहिला. शिवाजी महाराजांचे म्हणून भलत्याच सरदाराचे चित्र छापले जात होते, तेही बेंद्र्यांनीच १९३३ मध्ये मूळ चित्र पुढे आणून थांबवले. आज घराघरात जी प्रतिमा लावलेली असते तिच्यामागे या माणसाचे कष्ट आहेत, हे किती घरांना ठाऊक असेल?

इथे मला एक चिंता बोलून दाखवायची आहे, आणि ती कोणाला टोचली तरी बोलली पाहिजे. बेंद्र्यांनी एक खोटे चित्र पुसले ते राजा माणूस म्हणून समजावा यासाठी. त्यांच्या ग्रंथात राजकारण आहे, दरबारातली भांडणे आहेत, शिवाजी महाराजांच्या हयातीत संभाजीराजे मोगल सरदार दिलेरखानाकडे गेले तो अवघड प्रसंगही आहे आणि त्याचा उलगडा करण्याचा प्रयत्न आहे. आज पडद्यावर आणि मोबाइलवर जे संभाजीराजे दिसतात त्यांच्याबद्दल ‘ते दिलेरखानाकडे का गेले असतील?’ एवढा प्रश्न विचारला तरी माणसे चिडतात. पूर्वी निंदेला कागद लागत नव्हता, आता भक्तीला लागत नाही. ज्या माणसाने चाळीस वर्षे पुरावा गोळा करून राजावरचा कलंक धुतला, त्याच्याच पद्धतीला आपण पाठ दाखवत आहोत.

यावर येणारा सगळ्यात वजनदार आक्षेप मला मान्य आहे. कागद कोणाचा? ज्याला लिहिता येत होते त्याचा. दफ्तर कोणाच्या घरी? कुलकर्ण्याच्या, देशमुखाच्या, सरदाराच्या, सावकाराच्या. आणि ते वाचणारे राजवाडे तरी निःपक्षपाती होते का? नव्हते. जातीच्या प्रश्नावर त्यांनी जे लिहिले त्यातले बरेचसे आज वाचताना मला त्रास होतो. चांद्रसेनीय कायस्थ प्रभूंबद्दल त्यांनी लिहिलेला मजकूर त्या समाजाला जिव्हारी लागला. ज्यांच्या परिश्रमापुढे मी हात जोडतो त्यांचे हे लिखाण झाकून ठेवणे मला जमणार नाही.

पण तेव्हा घडले काय ते पाहा. केशव सीताराम ठाकऱ्यांनी, म्हणजे प्रबोधनकारांनी, १९१८ मध्ये राजवाड्यांना उत्तर म्हणून ‘कोदण्डाचा टणत्कार’ हे पुस्तक लिहिले. भाषा जळजळीत, एक शब्द मवाळ नाही. पण ते उत्तर आले ते पुस्तकाचेच. पुरावे मांडून, राजवाड्यांची साधने त्यांच्यावरच उलटवून. त्या संतापालाही वाचनाचा पाया होता. आणि हे दोघेही एकाच मराठीत, एकाच वाचकासमोर भांडत होते. त्या वाचकाला दोन्ही बाजू वाचून मत बनवता येत होते.

कागद ही लिहिणाऱ्यांची मालमत्ता होती, या आक्षेपालाही उत्तर देणारी माणसे झाली, आणि त्यांनी इतिहासाचे घर मोठे केले. भीमा कोरेगावचा स्तंभ घ्या. १ जानेवारी १८१८ च्या लढाईनंतर कंपनी सरकारने तो आपल्या विजयासाठी उभारला. त्यावर पडलेल्या शिपायांची नावे कोरली, आणि त्यांत ‘नाक’ या अक्षरांनी संपणारी नावे आहेत, महार शिपायांची. शंभर वर्षे ती नावे तिथे होती आणि पुस्तकी इतिहासाला त्यांचे काही वाटत नव्हते. १ जानेवारी १९२७ ला डॉ. बाबासाहेब आंबेडकर तिथे गेले. साम्राज्याच्या दगडात आपल्या माणसांची नावे वाचणे हेही राजवाड्यांच्या रुमालाइतकेच पुराव्याचे वाचन आहे. त्या लढाईचा अर्थ काय लावायचा यावर वाद जरूर घालावा. पण वाद घालणाऱ्याने आधी स्तंभाजवळ उभे राहून ती नावे एकदा तोंडाने वाचावीत.

किंवा जात्यावरच्या ओव्या. हेमा राईरकर आणि गी प्वातवाँ यांनी गावोगावच्या बायांकडून एक लाखाहून अधिक ओव्या गोळा केल्या. पहाटे दळताना बाई जे गाते ते कोणत्या दफ्तरात सापडणार? सासर, दुष्काळ, भाऊ, पंढरीची वाट, आणि पुढे बाबासाहेबही, सगळे त्यात आहे. इथेही कोणीतरी दारात गेले, ओसरीवर बसले, विचारले, टिपून घेतले, कोणत्या गावच्या कोणत्या बाईने गायले ते नोंदले. नुसती आठवण आणि साधन यांतला फरक या नोंदीत असतो.

तेव्हा कागद अपुरा आहे म्हणून कागदच नको, असे म्हणणाऱ्याशी माझे पटत नाही. कागद अपुरा असेल तर दगड वाचा, ओवी ऐका, पोवाडा ताडून पाहा, शेजारच्या राज्याची बातमीपत्रे पाहा. साक्षी वाढवा. साक्षच नको आणि निकाल मात्र आमच्या मनासारखा हवा, असा हट्ट सध्या अस्मितेच्या नावाखाली चालतो. तो कोणत्याही जातीचा, कोणत्याही पक्षाचा असो, त्यात नुकसान त्या अस्मितेचेच आहे.

५ जानेवारी २००४ ला पुण्यात भांडारकर प्राच्यविद्या संशोधन संस्थेवर जमाव चालून गेला. एका परदेशी लेखकाच्या शिवाजी महाराजांवरच्या पुस्तकातला मजकूर संतापजनक होता, आणि त्या पुस्तकाच्या ऋणनिर्देशात संस्थेचे नाव होते एवढे निमित्त. त्या मजकुराचे समर्थन मी करत नाही. इतिहासाच्या अभ्यासकांनीच त्याला लेखी आक्षेप घेतला होता. पण मोडतोड झाली ती कशाची? कपाटांची, ग्रंथांची, पोथ्यांची. ज्या वास्तूत बसून पंडितांनी महाभारताच्या शेकडो पोथ्या ताडून १९१९ ते १९६६ इतकी वर्षे चिकित्सक आवृत्ती सिद्ध केली, त्या वास्तूत फाटलेली पाने गोळा करायची वेळ आली. महाराजांच्या नावाने महाराजांच्याच मुलखातले हस्तलिखित धन पायदळी गेले. मला तो दिवस आठवला की अजून घसा दाटतो. आणि त्या दिवसापासून अनेक अभ्यासक लिहिताना आधी दरवाज्याकडे पाहू लागले. जे लिहिले गेलेच नाही त्याचा हिशेब कुठे मांडायचा?

लोकांना इतिहासाचे प्रेम उरले नाही, असे कोणी म्हणाले तर मी मानणार नाही. दर शनिवार-रविवारी गडांवर जाणारी मुले पाहावीत. टाक्यांतला गाळ उपसतात, तटावरची झुडपे काढतात, तोफेला गाडा करून बसवतात, स्वतःच्या पैशाने. प्रेम भरपूर आहे. त्या प्रेमाला वाचता येत नाही, एवढीच अडचण आहे. गडावर तळमळीने राबणाऱ्या त्याच मुलाला त्या गडाच्या हवालदाराचे पत्र हातात दिले, तर त्याला ते चिनी भाषेइतके परके. त्याच्या पणजोबांनी याच लिपीत सही केली होती. विसाव्या शतकाच्या मध्यापर्यंत मोडी शाळेत शिकवत होते. दोन-तीन पिढ्यांत एक अख्खा समाज आपल्याच पूर्वजांच्या अक्षराला निरक्षर झाला. एवढी मोठी घटना आपल्याकडे घडली आणि तिच्यासाठी कधी मोर्चा निघाला नाही.

त्याची किंमत आपण अलीकडेच मोजली. २०२३ मध्ये निवृत्त न्यायमूर्ती संदीप शिंदे यांच्या समितीकडे कुणबी नोंदी शोधण्याचे काम आले, तेव्हा तहसिलांतली जुनी कपाटे उघडली. जन्म-मृत्यूच्या नोंदवह्या, कोतवाल बुके, महसुली कागद. त्यांतले कितीतरी मोडीत, मराठवाड्याकडचे उर्दू-फारसीत. आणि मोडी वाचणारे शोधून आणावे लागले. आरक्षण कोणाला, किती, हा वाद मी इथे ओढत नाही, तो ज्याच्या त्याच्या ठिकाणी गंभीर आहे. पण त्या दिवसांत पहिल्यांदाच खेड्यातल्या माणसाला दिसले की आपल्या मुलाचे भवितव्य एका न वाचता येणाऱ्या ओळीत अडकले आहे. आमच्या वर्गातले मुळशीकर शेतकरी तर वेगळ्याच कज्जासाठी येतात. वाचणाऱ्याने एका पानाचे जे पैसे सांगितले ते ऐकून त्यांनी ठरवले, आपणच शिकू.

म्हणून मागणे साधे आहे. प्रत्येक तालुक्यात निदान दोन माणसे अशी हवीत ज्यांना मोडी वाचता येते आणि त्यासाठी पगार मिळतो. पुराभिलेख खाते मोडीचे वर्ग घेते, परीक्षा घेते, ते चांगले आहे. पण परीक्षा झालेल्या मुलांना पुढे काम कुठे? पुतळ्यांवर, सोहळ्यांवर जो खर्च होतो त्याचा लहानसा वाटा दरवर्षी दफ्तरे झाडायला, त्यांच्या प्रती काढायला, याद्या करायला द्यावा. पेशवे दफ्तरातले कोट्यवधी कागद अजून कोणी उलगडलेले नाहीत. गोविंद सखाराम सरदेसायांनी उतारवयात, जदुनाथ सरकारांसारख्या बंगाली स्नेह्याच्या पाठिंब्याने, १९३० ते १९३४ मध्ये त्यातून ४५ खंड काढले. तो त्या ढिगाचा कोपराही नव्हता. आणि अभ्यासकांनी पुन्हा मराठीत लिहावे. मोठे संशोधन इंग्रजीत परदेशी नियतकालिकात आणि मराठी वाचकाला मात्र मोबाइलवर आलेला मजकूर, ही वाटणी ज्यांनी होऊ दिली त्यांनाही लोक ऐकत नाहीत म्हणून तक्रार करता येणार नाही.

हे सगळे मी दुसऱ्यांना सांगतो तेव्हा माझ्यावर काय गुदरले तेही सांगायला हवे.

आमच्या गावच्या घरी माळ्यावर एक रुमाल होता. आत्या म्हणायची, त्यात आपली सनद आहे, आजोबांच्या आजोबांना मिळालेली. मोडी थोडी लागायला लागल्यावर मी तो खाली काढला. कापड हाताला लागताच फाटले. सनद नव्हती. घरखर्चाच्या याद्या होत्या, कुळांचे हिशेब, गुळाच्या ढेपा, दोन लग्नांचा खर्च. मोडीत ऱ्हस्व-दीर्घ नाही, शब्दांत जागा नाही, त्यामुळे एकेका ओळीला मला अर्धा तास लागे. बोटाने अक्षर धरून पुढे जायचे, अडले की मागे यायचे. तारीख मुसलमानी महिन्याची, ती जंत्री उघडून जुळवायची. एका यादीत म्हैस घेतली, तिची किंमत. तिच्याखाली लगेच ‘कुणबीण’ हा शब्द, मग नाव, वय, आणि रुपये.

पेशवाईत बायका विकल्या-घेतल्या जात, त्यांना कुणबिणी, बटकी म्हणत, हे मी पुस्तकात वाचले होते. सरकारी दफ्तरातही त्यांच्या नोंदी आहेत. पण ती ओळ आमच्या माळ्यावर असेल असे वाटले नव्हते. मी तीन वेळा वाचली. चुकीची लागली असेल म्हणून रविवारी सरांना दाखवली. त्यांनी भिंगातून पाहिले, बरोबर वाचली आहे म्हणाले, एक अक्षर तेवढे दुरुस्त केले. तिच्या नावातलेच.

काकांना सांगितले तर त्यांचा चेहरा उतरला. "सनद नाही निघाली, आणि हे निघालं," ते म्हणाले. मग बऱ्याच वेळाने, "कोणाला दाखवू नकोस." आत्या काही बोलली नाही. तिने विचारले एवढेच, की वय किती लिहिले आहे. मी सांगितले. ती उठून आत गेली.

काकांचे मन मोडायला मला महिनाभर जमले नाही. शेवटी त्यांच्याच शेजारी बसून ती यादी मी देवनागरीत उतरवली, म्हैस, गूळ, सगळे जसेच्या तसे. त्या ओळीशी आल्यावर ते म्हणाले, "नाव नीट लिही." मी लिहिले. पुढच्या आठवड्यात तो रुमाल नव्या कापडात बांधून आम्ही दोघे संस्थेत देऊन आलो.